हाताचे टक्के, कामाचे टक्के

अपघात झाला की पहिला आठवडा लोक जखमी माणसाची विचारपूस करतात. त्यानंतर प्रश्न बदलतो. ‘क्लेम टाकला का? किती मिळेल?’ आमच्या उकव्यात हा प्रश्न वर्षातून अनेकदा ऐकू येतो. उकवा म्हणजे बालाघाट-बैहर रस्त्यावरचं, मॅंगनीजच्या भूमिगत खाणीचं गाव. घाटाची वळणं, दोन्हीकडे जंगल, मालाचे ट्रक, आणि एकाच मोटरसायकलवर बसलेलं अख्खं कुटुंब. अपघात व्हायला आणखी काय लागतं?

‘किती मिळेल’ याचं उत्तर चहाच्या टपरीवर तयार असतं. पायाचं हाड मोडलं तर इतके, बोट गेलं तर इतके. जणू कोर्टाच्या भिंतीवर कुठेतरी भावफलक लावलेला आहे. असा भावफलक नाही, हेच या लेखात सांगायचं आहे. कोर्ट हाताची किंमत काढत नाही. तो हात त्या माणसाच्या आयुष्यात काय काम करत होता, ते काढतं. हा फरक ज्यांना समजत नाही, त्यांचं लाखोंचं नुकसान होतं, आणि बहुतेकांना ते झालेलं कळतही नाही.

मी कायद्याची नव्हे, साहित्याची विद्यार्थिनी आहे. पण घरात एक दावा चालू आहे आणि त्याचे कागद वाचायचं काम माझ्याकडे आलं. त्या निमित्ताने जे निकाल वाचले, त्यातलं आपल्या सगळ्यांच्या उपयोगाचं इथे मांडते आहे.

किंमत लावायच्या जुन्या रीती

प्रश्न फार जुना आहे. ‘डोळ्याबद्दल डोळा’ हे वाक्य सगळ्यांना माहीत असतं. पण जुन्या करारातल्या निर्गम पुस्तकाच्या ज्या २१ व्या अध्यायात ते येतं, त्याच अध्यायात थोडं आधी वेगळा नियम आहे. भांडणात एकाने दुसऱ्याला मारलं आणि तो अंथरुणाला खिळला, पण पुढे काठी टेकत हिंडू लागला, तर मारणाऱ्याने त्याच्या बुडालेल्या वेळेची भरपाई द्यावी आणि तो पूर्ण बरा होईपर्यंतचा उपचार करावा. आजच्या भाषेत सांगायचं तर बुडालेली मजुरी आणि दवाखान्याचं बिल.

पुढे यहुदी धर्मशास्त्रींनी मिश्नामध्ये याची पाच खाती केली: शरीराचं नुकसान, वेदना, उपचार, बुडालेला वेळ आणि अपमान. त्यातलं पहिलं खातं मोजायची रीत मात्र आज अंगावर येते. जखमी माणूस गुलामांच्या बाजारात विकला असता तर आधी किती आले असते आणि आता किती येतील, त्यातला फरक म्हणजे नुकसान.

दुसरी रीत आपल्याकडच्या खाणकामगारांना माहीत आहे. कामावर झालेल्या इजेसाठी १९२३ च्या कायद्याने एक यादीच दिली. अंगठा गेला तर ३० टक्के, दोन्ही हात गेले तर १०० टक्के. यादी सोपी असते आणि कामगाराला लवकर काहीतरी मिळतं. टपरीवरचा भावफलक बहुधा या यादीतूनच आलेला असावा. पण रस्त्यावरच्या अपघातात ही यादी हुकूम चालवत नाही. कामावर असतानाच रस्त्यावर अपघात झाला, तर मोटर वाहन कायद्याच्या कलम १६७ प्रमाणे दोन्हींपैकी एक वाट निवडता येते. दोन्हीकडून घेता येत नाही.

तिसरी रीत म्हणजे मोटर वाहन कायदा, १९८८. त्याचं कलम १६८ न्यायाधीशाला एवढंच सांगतं की ‘न्याय्य’ वाटेल ती भरपाई ठरवा. आकडा दिलेला नाही. ‘न्याय्य’ म्हणजे काय, हे सर्वोच्च न्यायालयाने एकेका निकालातून ठरवत आणलं.

सहा खाती

जखमींच्या दाव्यांसाठी पायाभूत निकाल म्हणजे ‘राजकुमार विरुद्ध अजयकुमार’, १८ ऑक्टोबर २०१०. न्यायमूर्ती रवींद्रन यांनी तो इतका नीट लिहिला आहे की कायदा न शिकलेल्यालाही समजावा. त्यात खाती अशी आहेत.

पैशात मोजता येणारी तीन. पहिलं, उपचार, औषधं, येणंजाणं, पौष्टिक आहार यांचा खर्च. दुसरं, बुडालेली कमाई. यात दोन भाग: उपचार चालू असताना बुडालेली, आणि कायमच्या अपंगत्वामुळे पुढे बुडणारी. तिसरं, पुढे लागणारा उपचार.

पैशात न मोजता येणारीही तीन. वेदना आणि मानसिक धक्का. जगण्यातल्या सुखसोयींची हानी, ज्यात लग्नाच्या शक्यतेवर झालेला परिणामही येतो. आणि आयुष्य कमी झाल्याची हानी.

साध्या दुखापतीत उपचार, उपचाराच्या काळातली कमाई आणि वेदना, एवढीच खाती उघडतात. बाकीची गंभीर इजा असेल आणि तसा वैद्यकीय पुरावा असेल तरच. सगळ्यात मोठी रक्कम बहुतेक वेळा एकाच जागी असते: पुढे बुडणारी कमाई. भांडणही तिथेच असतं.

तीन वेगवेगळे टक्के

डॉक्टरांचं अपंगत्वाचं प्रमाणपत्र हातात आलं की घरातले त्यातला आकडा बघतात. ४५ टक्के लिहिलंय म्हणजे ४५ टक्के कमाई गेली, असं धरतात. निकाल सांगतो की हे तीन वेगळे आकडे आहेत.

एक, त्या अवयवाचं अपंगत्व. दोन, त्यामुळे पूर्ण शरीराचं अपंगत्व, जे साहजिकच कमी असतं. तीन, कमावण्याच्या क्षमतेत झालेली घट. भरपाई तिसऱ्यावर ठरते, आणि तिसरा आकडा डॉक्टर नाही, न्यायाधीश ठरवतात. डॉक्टर फक्त सांगू शकतात की हात किती वळतो, किती वजन उचलतो.

हा तिसरा आकडा खालीही जातो, वरही जातो. राजकुमार यांच्या प्रमाणपत्रात डाव्या पायाचं ४५ टक्के अपंगत्व होतं. न्यायालयाने पूर्ण शरीराचं २५ टक्के धरलं आणि कमाईतली घट २० टक्के. त्याच निकालात उलटं उदाहरणही आहे. डावा हात कापावा लागला तर शरीराचं अपंगत्व साधारण ६० टक्के. तो माणूस ड्रायव्हर किंवा सुतार असेल तर त्याची कमाई जवळजवळ १०० टक्के गेली. सरकारी कारकून असेल तर नोकरी टिकू शकते, आणि मग त्या खात्यात फारसं काही येणार नाही. इजा एकच, पण माणसं दोन.

म्हणून कोर्टाने तीन पायऱ्यांनी जायचं. अपघातानंतर हा माणूस काय करू शकतो आणि काय नाही? आधी तो काय काम करायचा, वय काय होतं? आणि आता तो तेच काम करू शकतो, की कमी दर्जाचं दुसरं काही, की काहीच नाही?

मध्य प्रदेशातलंच एक उदाहरण सर्वोच्च न्यायालयात गेलं होतं. ‘जगदीश विरुद्ध मोहन’, ६ मार्च २०१८. २४ वर्षांचा सुतार, अपघातात दोन्ही हात निकामी. अपंगत्व ९० टक्के नोंदलेलं. न्यायालय म्हणालं, हातांनी पोट भरणाऱ्याचे हात गेले तर कमाई १०० टक्के गेली. भरपाई २५,३८,३०८ रुपयांवर गेली. माणसाची प्रतिष्ठा परत मिळवून देण्याचा खरा प्रयत्न भरपाईत दिसला पाहिजे, असा त्या निकालाचा सूर आहे.

मावशीचा हात

आता घरचा दावा. माझी मावशी उकव्याला शिवणकाम करते. शाळेचे युनिफॉर्म, ब्लाऊज, लग्नसराईत घागरे. मावसाजींच्या मोटरसायकलवर मागे बसून येताना एका पिकअपने धडक दिली. उजवं मनगट मोडलं, प्लेट टाकली, तीन बोटं आता पुरती मिटत नाहीत. प्रमाणपत्रावर इंग्रजीत लिहिलं होतं की अपंगत्व ३० टक्के, ‘उजव्या हाताच्या संदर्भात’. शेवटच्या तीन शब्दांकडे घरात कुणाचं लक्षच गेलं नव्हतं.

कागदांची एक गंमत सांगते. पोलिसांचे कागद हिंदीत, दवाखान्याचे इंग्रजीत, आणि घरात बोलणं मराठीत. ज्याला महाराष्ट्रात मोटार अपघात दावा न्यायाधिकरण म्हणतात, ते आमच्याकडे ‘मोटर दुर्घटना दावा अधिकरण’ आहे. १९५६ पर्यंत आमच्या भागाचं हायकोर्ट नागपूरला होतं, आता जबलपूरला. अशा ठिकाणी कागद नीट वाचून सांगणारं कुणी नसेल, तर ‘संदर्भात’सारखा शब्द सहज निसटतो.

विमा कंपनीच्या वकिलांचं म्हणणं असं की हाताचे ३० टक्के म्हणजे पूर्ण शरीराचे १० टक्केच. उलटतपासणीत त्यांनी मावशीला विचारलं, मशीन तर पायाने चालते ना? मावशी म्हणाली, "मशीन पाय चालवतो साहेब, पण कापड हात चालवतो. कात्री पण हातच चालवतो." कोर्टात तिने दिलेला हा सगळ्यात चांगला पुरावा असावा. निकाल अजून यायचा आहे.

हिशोब कसा होतो

टक्क्यांनी किती फरक पडतो, ते उदाहरणाने बघू. आकडे सोयीसाठी धरलेले आहेत. वय ३८, स्वतःचा धंदा, महिन्याची कमाई ९,००० रुपये.

आधी पुढची उत्पन्नवाढ मिळवायची. ‘प्रणय सेठी’ या ३१ ऑक्टोबर २०१७ च्या घटनापीठाच्या निकालाने हे प्रमाण ठरवून दिलं. स्वतःचा धंदा किंवा ठराविक पगार असेल तर ४० पेक्षा कमी वयाला ४० टक्के, ४० ते ५० ला २५ टक्के, ५० ते ६० ला १० टक्के. कायम नोकरीवाल्यांना अनुक्रमे ५०, ३० आणि १५ टक्के. तो निकाल मृत्यूच्या दाव्यातला होता, पण वर सांगितलेल्या सुताराच्या प्रकरणात जखमींनाही ही वाढ मिळाली. म्हणजे ९,००० अधिक ३,६००, एकूण १२,६०० रुपये.

मग गुणक. ‘सरला वर्मा’ या २००९ च्या निकालात वयानुसार तक्ता आहे. १५ ते २५ वयाला १८, २६ ते ३० ला १७, ३१ ते ३५ ला १६, ३६ ते ४० ला १५, ४१ ते ४५ ला १४, ४६ ते ५० ला १३. पुढे ११, ९, ७ असं उतरत ६५ च्या वर ५. गुणक म्हणजे उरलेली वर्षं नव्हेत. पुढच्या अनेक वर्षांचा पैसा आज एकरकमी मिळतो, म्हणून तो कमी धरलेला असतो.

१२,६०० गुणिले १२ महिने गुणिले १५, म्हणजे २२,६८,००० रुपये. याला कमाईतल्या घटीच्या टक्क्यांनी गुणायचं. १० टक्के धरले तर २,२६,८००. ३० टक्के धरले तर ६,८०,४००. ६० टक्के धरले तर १३,६०,८००. एकच मनगट, एकच एक्स-रे. फरक फक्त एवढाच, की त्या हाताचं काम काय होतं हे कोर्टाला किती दिसलं.

आणखी एक. मृत्यूच्या दाव्यात मृताचा स्वतःचा खर्च म्हणून काही हिस्सा वजा होतो. जखमी माणूस जिवंत आहे, त्याचा खर्च चालूच आहे, म्हणून त्याच्या दाव्यात ही वजावट नसते. कुणी हिशोब दाखवला तर ही ओळ जरूर तपासा.

पावती नसलेली कमाई

आपल्याकडे किती जणांकडे पगाराची स्लिप असते? महुआ वेचणं, तेंदूपत्ता, शिलाई, हातगाडी, मजुरी. कोर्ट अशा वेळी अनेकदा राज्याच्या किमान वेतनाचा आधार घेतं. पण ‘रामचंद्रप्पा’ या २०११ च्या निकालात एका हमालाने सांगितलेली ४,५०० रुपयांची कमाई सर्वोच्च न्यायालयाने पुराव्याशिवायही मान्य केली. आकडा वाजवी होता, आणि मजुराकडे कागद असणार तरी कुठून?

घरकामाचंही तसंच. ‘कीर्ती विरुद्ध ओरिएंटल इन्शुरन्स’ या ५ जानेवारी २०२१ च्या निकालाने गृहिणीच्या कामाला उत्पन्न मानून त्यात भविष्यातली वाढही धरता येते, असं सांगितलं. त्यात २०१९ च्या सरकारी पाहणीचा आधार होता: बिनपगारी घरकामात स्त्रिया दिवसाला सरासरी २९९ मिनिटं देतात, पुरुष ९७. ज्या घरात ‘ती काही करत नाही, घरीच असते’ असं कोर्टात सांगितलं जातं, त्या घराने हे दोन आकडे लक्षात ठेवावेत.

तरीही, जे काही लिहिलेलं असेल ते न्यावं. मावशीकडे बिलबुक नव्हतं. पण गिऱ्हाइकांची मापं लिहिलेल्या सात वह्या होत्या, तारखांसकट. अपघातानंतरची वही जवळजवळ कोरी आहे. वकिलांनी त्या सगळ्या जोडायला लावल्या.

वेदनेचा आकडा

वेदनेला तक्ता नाही. मुंबईच्या एका वकिलांना अपघातानंतर कमरेखाली लुळेपणा आला. त्यांच्या दाव्यात १९९५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने मान्य केलं की इथे थोडा अंदाज, थोडी सहानुभूती येणारच, फक्त ती वस्तुनिष्ठ कसोट्यांना धरून हवी. ‘काजल’ या ५ फेब्रुवारी २०२० च्या निकालात एका १२ वर्षांच्या मुलीला १०० टक्के अपंगत्व आलं होतं. आयुष्यभर तिचं सगळं दुसऱ्यालाच करावं लागणार होतं. न्यायालयाने तिच्या सांभाळासाठी दोन मदतनीसांचा खर्चही गुणक लावूनच काढला. महिना १०,००० रुपये, १२ महिने, गुणक १८, म्हणजे २१,६०,०००. एकूण भरपाई ६२ लाख २७ हजार झाली.

मिश्नातलं ‘अपमान’ हे खातं आपल्या यादीत नावाने नाही. पण दुसऱ्याच्या हातून जेवावं लागणं, लग्न मोडणं, नदीवर पोहायला न जाता येणं हे सगळं ‘सुखसोयींची हानी’ या कोरड्या नावाखाली येतं. ते अर्जात लिहावं लागतं. न लिहिलेलं कोर्टाला दिसत नाही.

रस्त्यावरच्या आपल्या सवयी

भरपाई मोजली, पण देणार कोण? धडक देणाऱ्या वाहनाचा विमा असेल तर कंपनी. इथे गावात पक्कं माहीत असायला हवं ते हे: मालवाहू गाडीत फुकट बसून जाणाऱ्या वऱ्हाडाला त्या गाडीचा कायद्याने बंधनकारक असलेला विमा लागू होत नाही. सर्वोच्च न्यायालयाने २००३-०४ पासून हे स्पष्ट केलं आहे. लग्नाला पिकअपच्या मागे बसताना हे कुणी सांगत नाही. मग गाडीमालकाकडून वसूल करायचं, आणि त्याच्याकडे असेल तरच.

स्वतःचीही चूक असेल तर तेवढा हिस्सा कापला जातो. पण मोटरसायकलवर तिघे होते, एवढ्यावरून आपोआप कपात होत नाही. त्यामुळे अपघात झाला किंवा इजा वाढली, हे दाखवावं लागतं, असं २०२० मध्ये ‘मोहम्मद सिद्दीक’ प्रकरणात ठरलं. गाडी पळून गेली आणि सापडलीच नाही, तर गंभीर इजेला सरकारी योजनेतून ५०,००० रुपये मिळतात.

कागद आपल्याकडे येतो

आपल्यापैकी बरेच जण घरातून कॉलेजात आलेली पहिली पिढी आहोत. घरी इंग्रजी कागद आला की तो आपल्याच हातात ठेवला जातो. म्हणून थोडक्यात.

दावा जिथे अपघात झाला तिथेच टाकावा लागतो असं नाही. आपण राहतो तिथल्या अधिकरणातही चालतो. नागपुरात धडक बसली तरी उकव्याचा माणूस बालाघाटला दावा टाकू शकतो. १ एप्रिल २०२२ पासून अपघातानंतर सहा महिन्यांची मुदत पुन्हा आली आहे. तिला सर्वोच्च न्यायालयात आव्हान दिलेलं आहे, पण त्या भरवशावर थांबू नये. पोलिसांनी पहिला अहवाल ४८ तासांत आणि सविस्तर अहवाल ९० दिवसांत अधिकरणाला द्यायचा असतो. तो गेला का, हे ठाण्यात जाऊन विचारा. २०२५ पासून अपघातानंतर सात दिवसांपर्यंत दीड लाखांच्या रोखरहित उपचाराची केंद्राची योजनाही आहे. नाव नोंदवतानाच दवाखान्यात तिच्याबद्दल बोला.

प्रत्येक बिल, गाडीभाड्याची चिठ्ठी, डॉक्टरांचा प्रत्येक कागद जपा. प्रमाणपत्र देणारे डॉक्टर साक्षीला येतील का, ते आधी विचारा. नुसतं प्रमाणपत्र जोडून भागत नाही, असं राजकुमार निकाल सांगतो. कमी मागितलं म्हणून कमीच मिळेल असंही नाही. ‘नागप्पा’ या २००२ च्या निकालाप्रमाणे मागणीपेक्षा जास्त देण्याचा अधिकार अधिकरणाला आहे. लोक अदालतीत तडजोड करायला हरकत नाही, फक्त सही करण्याआधी समोरच्याने कमाईतली घट किती टक्के धरली आहे ते विचारा.

आणि जखमी माणसाजवळ बसून एक साधा कागद लिहा. आधी सकाळपासून रात्रीपर्यंत तो काय काय करायचा, आणि आता त्यातलं काय होत नाही. विशेषणं नकोत, कामं लिहा. वकील त्याचा दावा करतील, न्यायाधीश त्याचे टक्के करतील. पण तो कागद घरातल्याच कुणीतरी लिहायला हवा, आणि शक्यतो पहिल्या सहा महिन्यांतच.